पांगाऱ्यावरचं कोनफळ

भट्टीतून काढलेला पाव निवायला किती वेळ लागतो, हे कमलाक्षीच्या हाताला ठाऊक होतं. मोठा लादीपाव असला तर अंगणाची झाडलोट होईपर्यंत, लहान गोल उंडे असले तर चहा पिऊन होईस्तोवर. त्या दिवशी तिने जांभळे पाव सकाळी काढले, वेताच्या टोपलीत ठेवले, वर धुतलेलं फडकं टाकलं. झाडलोट केली, न्हाऊन आली, देवाला फुलं वाहिली, जेवणही झालं. दुपारी फडक्याखाली हात घातला तर पाव तसेच ऊन. चटका बसेल असे नाहीत. माणसाचं अंग असतं तसे ऊन.

तिने नवऱ्याला हाक मारली. जयरामने आत येऊन एक पाव उचलला, गालाला लावून पाहिला.

"खमीर जास्त झालो असतलो."

"खमीर जास्त झाल्यार पाव फुगता. ऊन ऱ्हवता?"

"मगे ताप इलो असतलो तेका. पॅरासिटामॉल दी."

तो हसला, तीही हसली. पण टोपली आत नेताना तिने ती नेहमीसारखी कमरेवर घेतली नाही. दोन्ही हातांनी छातीशी धरली. अशी का धरली, हे तिचं तिलाच कळलं नाही.

या जांभळ्या पावाची सुरुवात झाली ती कृष्णनाथमुळे, त्यांच्या मुलामुळे. लोहखनिजाच्या खाणी बंद पडल्या आणि साखळीकडे चालणारा जयरामचा ट्रक दारात उभा राहिला. तो विकून जयराम मांद्र्याच्या एका हॉटेलची गाडी चालवू लागला. मधल्या रिकाम्या महिन्यांत त्याने परसात विटामातीची भट्टी बांधली, आमच्याकडे तिला फोर्न म्हणतात. कमलाक्षी तिच्यात पाव भाजू लागली. कृष्णनाथ तोवर क्रूझ जहाजाच्या स्वयंपाकघरात लागला होता. त्याच्या शेजारच्या चुलीवर फिलिपीन्सचे आचारी. एकदा त्याचा फोन आला.

"आये, आपला जांभळा कोनफळ असा मगे, ता हे लोक पावात घालतत. केकात घालतत. दुधात घुसळून पितत. उबे म्हणतत तेका."

"उपासाक उकडून खातंव, ता कोनफळ? दुधात?"

"ताच. आणि त्येच्यासाठी लोक रांग लायतत."

"लोकांका काय, कायव विकत घेतत," असं म्हणून कमलाक्षीने फोन ठेवला. पण मार्गशीर्षात कोनफळं खणल्यावर तिला राहवलं नाही. तिने ती सालीसकट उकडली, सोलून वाटली, नारळाचा रस आणि गूळ घालून मंद आचेवर परतत परतत कढईची कड सोडीपर्यंत आटवली. तो गोळा मैद्यात मळला. उरलेला गरम दुधात घुसळला, वेलची टाकली. कृष्णनाथने रजेवर येताना उबेच्या अर्काची एक इवलीशी बाटली आणली होती. भट्टीत रंग करडा पडू नये म्हणून तिच्यातले दोन थेंब. मांद्र्याला समुद्राजवळ सगुणचं लहानसं कॅफे होतं. त्याने पहिला पाव खाल्ला आणि दुसऱ्याच दिवशी दारातल्या फळ्यावर कमलाक्षीच्या गावाचं नाव घालून खडूने लिहिलं, 'हळर्णचा जांभळा पाव आणि जांभळं दूध'. तेव्हापासून दर हंगामात तो सकाळी स्कूटरवर यायचा आणि आदल्या दिवशी भाजलेल्या पावांची टोपली आणि दुधाची किटली न्यायचा.

असं सगळं बरं चाललं होतं. माणसाचं वरून बरं चाललेलं असतं तेव्हा आत काय असतं, ते देव जाणे.

कृष्णनाथच्या आधी कमलाक्षीला एक मुलगी झाली होती. बारशाच्या आधीच गेली. बाळंतपणानंतर कमलाक्षी तापाने फणफणली होती, शुद्ध येत-जात होती. मुलीचा चेहरा तिने उजेडात नीट पाहिलासुद्धा नाही. डाव्या हातावर काहीतरी ऊन, जड असं पडलेलं असायचं, एवढंच तिला आठवत होतं. ताप उतरला तेव्हा हात रिकामा होता.

एवढ्या लहान जिवाला जाळत नाहीत, पुरतात. पुरायला सासू-सासरे गेले. जयराम खाणीवर होता, तो आला तेव्हा सगळं आटोपलं होतं. पुढे सासरे वारले. आता ती जागा ठाऊक होती एकट्या सासूला, पद्मावतीला. आणि पद्मावती सांगत नव्हती.

"आवयन विचारूचा नसता," एवढंच उत्तर. आईने असलं विचारायचं नसतं म्हणे.

कमलाक्षीने रागाने विचारलं, रडून विचारलं, सासूचे पाय चेपताना हळूच विचारलं. म्हातारी वाईट नव्हती. कृष्णनाथच्या वेळी तिने सुनेला तळहाताच्या फोडासारखं जपलं होतं. स्वतःच्या पाटल्या मोडून नातवाला शिकवलं होतं. पण हा विषय निघाला की तिचं तोंड मिटायचं ते मिटायचंच. शेवटी कमलाक्षीने विचारणं सोडलं. मात्र माडांमधून, केळींमधून चालताना ती पाऊल जपून टाकायची. इथे असेल का? की इथे? आपल्याच परड्यात ती परक्यासारखी बिचकत चालायची. मळ्यात नवीन माती ओढायची झाली तर आधी वाकून जमिनीला हात लावायची. जयरामला वाटायचं, बायको भाविक आहे.

परड्याच्या टोकाला, ओढ्याच्या अलीकडे एक पांगारा होता. त्याच्यावर कोनफळाचा एक वेल चढायचा. पावसात वर जायचा, पानांनी पांगारा झाकून टाकायचा, थंडीत वाळून नाहीसा व्हायचा. तो वेल कुणी खणायचा नाही, अशी पद्मावतीची सक्त ताकीद. "राखणदाराचो तो," ती म्हणायची. राखणदार म्हणजे गावाच्या शिवेवर फिरणारा देव, वाट चुकलेल्याला घरापर्यंत आणून सोडणारा. वर्षातून एकदा पद्मावती तांदळाचा जाड रोट निखाऱ्यावर भाजायची आणि एकटीच जाऊन पांगाऱ्याखाली ठेवून यायची. राखणदाराच्या वस्तूला हात लावायची कुणाची छाती होणार? वेल तसाच राहिला.

या वर्षी माघातच परड्यातली कोनफळं संपली. सगुणकडे त्याच वेळी योग शिकायला आलेल्या परदेशी लोकांचा तांडा उतरलेला.

"काकी, बाटली असा मगे?" सगुण म्हणाला. "त्या गोऱ्यांका काय कळता? बाटलीन करा."

तिने नुसत्या बाटलीतल्या अर्काचा पाव करून पाहिला. रंग फर्मास, वास घरभर, आणि तोंडात घातल्यावर काहीच नाही. देवळात पेटी आहे, मृदंग आहे, समया लावलेल्या आहेत आणि बुवाच आलेले नाहीत, तसा तो पाव. तिला तो कुणाला द्यायची लाज वाटली.

पद्मावती तेव्हा साखळीला मुलीकडे गेली होती. तिथल्या देवळात कीर्तन सप्ताह होता, आणि कीर्तन म्हटलं की म्हातारीला गुडघे दुखायचे थांबत. सासू घरात नाही, विचारायचं कुणाला? कमलाक्षी रीतीची बाई. ती देवळात कौल घ्यायला गेली. पुजारी शांताराम गुरवाने देवाच्या अंगावर ओल्या फुलांच्या पाकळ्या लावल्या आणि गाऱ्हाणं घातलं, "बा म्हाराजा, पांगाऱ्यावयलो तुझ्या राखणदाराचो वेल ह्या लेकरू खणू बघता. त्येची काय हरकत असली तर डावो दी, नसली तर उजवो दी."

उजवी पाकळी लगेच पडली. इतकी लगेच, की शांताराम म्हणाला, "वाटच बघीत होतो जसो."

तिने दुसऱ्या दिवशी वेल खणला. माती भुसभुशीत होती, कुदळीची गरजच पडली नाही, हातांनीच उकरली. आत एकच कोनफळ होतं. मांडीएवढं. ते खड्ड्यातून वर काढायला तिला गुडघे टेकून दोन्ही हात खाली घालावे लागले. कच्च्या कोनफळाने हात खाजतात म्हणून तिने खोबरेल चोळलं होतं, पण याने खाज सुटलीच नाही. कापल्यावर आतला रंग पाहून ती थोडा वेळ बघतच राहिली. रोजचं कोनफळ जांभळं असतं. हे आत दिवा ठेवल्यासारखं जांभळं होतं.

त्याचाच पहिला पाव तो, जो दुपारपर्यंत निवला नाही.

तिने सगळं करून पाहिलं. त्याच भट्टीत, त्याच आचेवर साधे पाव भाजले. ते चहा होईस्तोवर निवले. जांभळे मात्र सकाळचे दिवसभर ऊन राहायचे. संध्याकाळी तुळशीपुढे दिवा लावून ती आत आली की मग गार झालेले असायचे, अगदी ओट्यासारखे गार. टोपलीजवळून जाताना तिला वाटायचं, फडकं हललं. वारा नसायचा. ती थांबून बघायची. फडकं अगदी थोडं वर यायचं, खाली जायचं. पाव फुगताना असं होतं, तिने मनाला सांगितलं. पण भाजलेला पाव कुठे फुगतो?

दोन-तीन दिवसांनी सगुण टोपली न्यायला आला तो स्कूटरवरून उतरलाच नाही. हेल्मेटही काढलं नाही.

"काकी, दुधात काय घालतात तुमी?"

"कोनफळ, गूळ, नारळाचो रस, वेलची. कित्याक?"

"लोक निजतत."

"निजतत म्हणजे?"

"म्हणजे निजतत! माझा कॅफे असा, धर्मशाळा नाय. काल एक गोरो पिता पिताच खुर्चयेर निजलो. तोंड उघडा टाकून. तेका उठवक गेलंय तर दुसरो निजलो. एक बाय रडाक लागली. विचारलंय तर म्हणता, माका माझी आवय आठवली. आणि रडता रडता म्हणता, आणखी एक ग्लास दी!"

"मगे तुझा बराच झाला मां?"

"बरा झाला, पण खुर्च्यो खाली होणत नाय." सगुण आवाज उतरवून म्हणाला, "तीच बाय म्हणा होती, ग्लास हातात धरल्यार कोणीतरी आपला बोट धरलासारख्या वाटता. लहान पोर धरता तसा. मी हसलंय. मगे मी धरून बघलंय."

"आणि?"

सगुणने किक मारली. "माका उशीर होता, काकी," असं म्हणून तो टोपली घेऊन गेला.

त्या दुपारी कमलाक्षी कणीक मळत होती. घर रिकामं होतं. बाहेर ऊन असं पडलेलं की कोंबड्यासुद्धा गप्प. मळता मळता तिला छातीत एकदम दाटून आलं, जुनं, विसरलेलं दाटणं. खाली पाहिलं तर चोळी ओली झाली होती. या वयात! तिने हात तसेच पिठात ठेवले आणि डोळे मिटून उभी राहिली. त्या सकाळच्या पावांच्या टोपलीकडून कसलासा बारीक आवाज आला. भूक लागलेलं मूल रडण्याआधी ओठ चोखतं, तसा.

तिने चोळी बदलली. जयरामला काही सांगितलं नाही. त्याने परत पॅरासिटामॉल सांगितलं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती पुन्हा शांतारामकडे गेली.

"राखणदार रागावलो काय बघ," ती म्हणाली.

शांतारामने पाकळ्या लावल्या. गाऱ्हाणं झालं. "रागावक नाय म्हणता. तेचा कायच म्हणणा नाय."

"असा कसा? त्येचो वेल मी काढलंय."

शांतारामला आता स्वतःलाच चैन पडेना. त्याने परत पाकळ्या लावल्या आणि विचारलं, वेल राखणदाराचा आहे का. डावी पडली. त्याने परत विचारलं. परत डावी. त्याने वळून कमलाक्षीकडे पाहिलं.

"गो, तो वेल तेचो नाय म्हणता."

"मगे कोणाचो?"

"तो प्रश्न देवाक कसो विचारू? व्हय नाय तर नाय, इतक्याच सांगता देव. उजवो डावो. नावा घेवन सांगूक तो काय पोस्टमन असा?"

कमलाक्षी घरी परतली ती भर दुपारी. वाट पांगाऱ्यावरूनच होती. आपल्यामागून कुणीतरी येतंय असं तिला वाटत राहिलं. वळून पाहावं तर वाट मोकळी. पावलांचा आवाज नव्हताच. कडेवर मूल घेऊन चालताना खांद्यापाशी जो श्वास लागतो, तेवढाच काय तो होता. खड्ड्याजवळ ती थांबली. खड्डा तिने बुजवला नव्हता. आत नुसती काळी माती. फार मोठा नव्हता तो. तिला एकाएकी वाटलं, हा खड्डा कुणीतरी मापाने खणलेला होता, मी फक्त तो परत उघडला.

हा विचार तिने पुढे जाऊ दिला नाही. घाईघाईने घरी आली आणि अंगणातच बसून राहिली.

त्याच संध्याकाळी, उजेड होता तेव्हा, पद्मावती अचानक आली. सप्ताह संपायला अवकाश होता. बसमधून उतरून ती एकटीच काठी टेकत आली होती.

"आई, आज कशा इलास? कीर्तन संपला?"

"संपाक नाय. माका बसवला नाय थंय." पद्मावती ओटीवर टेकली, पदराने मान पुसली. "बुवा बरो गो. काय आवाज! काल देवकीचा आख्यान लायल्यान. आमका आपली कृष्णाची देवकी ठावक. पण तेच्या आदल्या मेलेल्या सा बाळांचा कोण काय इचारता? पुढे किती वर्सांनी ती कृष्णाक म्हणता, तू इतको मोठो झालंस, सगळ्यांका सगळा दितंस, माका माझी ती पोरां एकदा दाखय. आणि देव पाताळात जाता आणि ती सा जणां हाडून तिच्या मांडयेर घालता. तशीच लहान. तिका पान्हो फुटता." म्हातारीने काठी खांबाला टेकवली. "बुवांनी तो पान्हो असो गायलो, असो गायलो, की सगळो मंडप रडलो. माझ्या डोळ्यांत पाणी येवक नाय. माका ता आयकवला नाय. मी म्हटलंय, उठूया. घराक जावया."

प्रवासातून आलेल्या माणसाला काहीतरी द्यावं म्हणून कमलाक्षी आत गेली आणि जांभळं दूध घेऊन आली. पद्मावतीने ग्लास घेतला. एक घोट घेतला. मग तिने ग्लासभोवतीच्या आपल्या बोटांकडे पाहिलं, आणि बघतच राहिली.

"ह्या खंयचा कोनफळ?"

"पांगाऱ्यावयला."

पद्मावतीने ग्लास खाली ठेवला नाही. उलट तो दोन्ही हातांनी धरला.

"कोणाक विचारून खणलंस?"

"देवाक विचारलंय. उजवो दिल्यान. एकदम दिल्यान."

"देतलोच," पद्मावती म्हणाली. "त्येचो नाय, तर तो कित्याक नाय म्हणतलो? खोटा मी सांगलंय, गो. राखणदाराचो तो कधीच नव्हतो."

कमलाक्षीला आता विचारायची गरज नव्हती. तरी इतक्या वर्षांचा प्रश्न, तो तोंडाशी आलाच. "आई, माझा चेडू खंय असा?"

"थंयच."

सांगायला लागल्यावर मग म्हातारीने सगळं सांगितलं. पहाटेची वेळ होती, पाऊस भुरभुरत होता. पोर पद्मावतीने आपल्या नव्या लुगड्याच्या पदरात गुंडाळलं, सासऱ्यांनी खणलं. वर दगड ठेवला तर लोक विचारतील, झाड लावलं तर पुढे कुणी तरी तोडील. म्हणून तिने कोनफळाचा कोंब लावला. जो दर वर्षी येतो आणि दर वर्षी जातो. ठाऊक असेल त्यालाच कळावं की इथे काय आहे. कोल्ह्याकुत्र्यांपासून राखायला राखणदाराचं नाव घेतलं, आणि माणसांपासून राखायलाही. रोट द्यायची तो राखणदारालाच, पण पोरीच्या वतीने.

"माका कित्याक सांगूक नाय?" कमलाक्षीचा आवाज वर गेला. "मी खंयखंय पाय जपून ठेवलंय, तुमका ठावक असा? माझ्याच परड्यात?"

"ठावक असा. मी बघीत होतंय."

"बघीत होतास आणि गप्प ऱ्हवलास?"

"माझ्या आवशीक जागा ठावक होती," पद्मावती म्हणाली. "माझो धाकटो भाव असोच गेल्लो. ती रोज थंय जावन बसा. मगे उठान येयनाशी झाली. आमी पोरां हय उपाशी आणि ती थंय मातयेक दूध घालीत बसलेली. बापूस हाताक धरून हाडी, ती परत जाय. एक दिवस थंयच जीव सोडल्यान. मी लहान होतंय. मी तेवाच मनात धरलंय, कुठल्याच आवशीक जागा दाखवूची नाय. तू तापात होतंस. तुका मी वाचवलंय, असा माका वाटला."

कमलाक्षी खांबाला धरून उभी होती. ती म्हणाली, "म्हणजे मी तिका विकलंय. पाव करून विकलंय. लोकांनी खाल्ल्यानी."

पद्मावतीने ग्लासातला उरलेला घोट घेतला, हळूहळू, देवळातलं तीर्थ घेतात तसा.

"खाल्ल्यानी तेंका काय झाला?"

"निजले. एक बाय रडली."

"मगे?" म्हातारी म्हणाली. आणि आता तिचे डोळे भरून आले. "कोणाचा वायट केल्यान काय तिना?"

कमलाक्षी आत गेली. भांड्याच्या तळाशी शेवटचं वाटण उरलं होतं, त्याचा एकच पाव तिने सकाळी भाजला होता, मोठा, आणि का कोण जाणे, सगुणच्या टोपलीत घातला नव्हता. फडकं बाजूला केलं. तुळशीत दिवा लागायचा होता. पाव ऊन होता. तिने तो आपल्या धुतलेल्या लुगड्यात गुंडाळला आणि डाव्या हातावर घेतला. हाताने वजन ओळखलं.

बाहेर येऊन ती म्हणाली, "मी जातंय."

"आवयन जावचा नसता गो," पद्मावती सवयीने बोलून गेली. मग काठी घेऊन उठली. "ऱ्हव. मी येतंय वांगडा."

"मी थंय बसान ऱ्हवतलंय असा वाटता तुमका?"

"ऱ्हवलंस तर हाताक धरून हाडतलंय. माझ्यात अजून तितको जोर असा."

दोघी परड्यातून चालल्या. आज कमलाक्षी पाय जपून टाकत नव्हती. माडांच्या सावल्या लांब पडल्या होत्या, ओढ्याचं पाणी वाजत होतं. पांगाऱ्याची पानं गळून गेली होती, लाल फुलं तेवढी होती. खड्ड्याच्या काठावर दोघी बसल्या. कमलाक्षीने लुगड्याचं टोक बाजूला केलं आणि पद्मावतीला म्हणाली, "हात लावन बघा."

पद्मावतीने सुरकुतलेला हात पुढे केला, मागे घेतला, परत पुढे केला. लावल्यावर तो तिथेच राहिला.

"मी नेलंय तेवा थंड होती गो," ती कशीबशी म्हणाली. "बर्फासारी. मी इतकी वर्सा ताच धरून बसलंय. थंड."

"आता नाय मां?"

"नाय. आता नाय."

तिने पांगाऱ्याकडे हात जोडले आणि शिवेकडे तोंड करून म्हणाली, "बा राखणदारा, तुझ्या नावार खोटा बोलल्लंय. पण तू राखलंस. माफ कर." वाऱ्याने दोन फुलं खाली पडली, एक डावीकडे, एक उजवीकडे. पद्मावतीने त्यांच्याकडे पाहिलंही नाही.

कमलाक्षी गुडघ्यावर बसली, दोन्ही हात खाली घालून तिने तो गुंडाळलेला पाव मातीवर ठेवला. छाती दाटून आली होती. पदर ओला झाला, तो तिने झाकला नाही. उजेड जात चालला होता. लुगड्यावर तळवा ठेवून ती तशीच वाकून राहिली. हाताखालचा उबारा कमी होत गेला. तिने घाई केली नाही. झोपलेल्या मुलाच्या अंगावरून आई हात काढते, आधी तळवा, मग एकेक बोट, तसा तिने हात काढला.

घराकडून जयरामची हाक आली, "खंय गेलात सगळी? दिवो कोण लायतलो?"

"तूच लाय!" पद्मावतीने ओरडून सांगितलं. "येकदा लाय बघूया!"

खालून ओल्या मातीचा वास येत होता.

"आई," कमलाक्षी म्हणाली, "दिसाक कोणासारी होती?"

"तुझ्यासारी. कपाळ तुझा. डोळे तुझे, असे मोठे. केस तर कित्के! जन्मतानाच कपाळार इलेले."

"आणि नाक?"

पद्मावतीने घराकडे एकदा पाहिलं. "खरा सांगू? नाक आमच्या घराचा. ह्या जयरामाचा असा मगे, तसा. नकटा."

कमलाक्षी हसली. इतकं अचानक हसू आलं की तिला तोंडावर हात ठेवावा लागला, आणि गालाला माती लागली. तशीच हसत, डोळे पुसत, तिने ओंजळीने माती आत लोटायला सुरुवात केली. पद्मावतीने काठी बाजूला ठेवली आणि तीही लोटू लागली.